राजकारणी वडिलांचा वारसा शिक्षण आणि शांततेच्या कामातून कसा जपावा?

तुमचे वडील आयुष्यभर राजकारणात होते, आता त्यांच्या नावाने मुलांच्या शिक्षणासाठी आणि शांततेसाठी काही उभं करायचंय, आणि सुरुवात स्मारकापासून करावी, व्याख्यानमालेपासून की पुरस्कारापासून, असं तुम्ही विचारलंय. माझ्या मते यातल्या कशापासूनच नको. आधी कागद. (मी जुनी कागदपत्रं लावून देण्याचं काम करतो, तेव्हा माझा ओढा तिकडे असणारच.)

सोव्हिएत संघाचे नेते निकिता ख्रुश्चेव्ह यांना १९६४ मध्ये सत्तेवरून काढलं, त्यानंतर काही काळाने त्यांनी आपल्या आठवणी टेपवर बोलून ठेवायला सुरुवात केली. मुलगा सर्गेई रॉकेट इंजिनिअर. त्यांनी वडिलांना या कामात साथ दिली, आणि सरकारची नजर चुकवून तो मजकूर १९७० मध्ये पाश्चात्त्य देशांत छापून आला. पुढे १९९१ मध्ये सर्गेई अमेरिकेतल्या ब्राऊन विद्यापीठात गेले. १९६२ मध्ये क्युबातल्या क्षेपणास्त्रांवरून झालेल्या पेचात वडील ज्या देशासमोर अणुयुद्धाच्या तोंडाशी उभे होते, त्याच देशातल्या मुलांना ते शीतयुद्धाबद्दल शिकवत राहिले. पुतळा उभारून हे साधलं नसतं.

तेव्हा पत्रं, डायऱ्या, भाषणांचे कच्चे खर्डे, कॅसेट सगळं एकत्र करा. कॅसेटची आधी डिजिटल प्रत काढा, कारण टेप खराब होते. अडचणीची पत्रं बाजूला काढायचा मोह होईल, तो टाळा. वडिलांचे विरोधक हयात असतील तर त्यांच्या मुलाखती रेकॉर्ड करून घ्या. समर्थक नंतरही सापडतील.

मग शिक्षण. चरित्र सांगू नका, मुलांना कंटाळा येतो. वडिलांनी घेतलेला एखादा वादग्रस्त निर्णय निवडा, त्या वेळी त्यांच्या टेबलावर होते तेवढेच कागद मुलांपुढे ठेवा आणि विचारा, तुम्ही काय केलं असतं? त्यांनी काय केलं ते शेवटी सांगा. अर्धा वर्ग त्यांच्या विरुद्ध गेला तरी चालेल. शांततेचं शिक्षण मला यातच दिसतं: समोरच्याचं ऐकून घेत आपलं म्हणणं मांडता येणं. इस्रायलचे पंतप्रधान राहिलेल्या यित्झाक राबिन यांच्या नावाच्या तेल अवीवमधल्या केंद्राचं काम त्यांची मुलगी दालिया यांनी वर्षानुवर्षं सांभाळलं. तिथल्या संग्रहालयात राबिन यांचं चरित्र आणि देशाचा इतिहास शेजारी-शेजारी मांडलाय. माणूस त्याच्या काळातल्या भांडणांसकट दिसतो, म्हणून मला ती मांडणी पटते.

वडिलांचं चुकलं असेल तर तेही सांगावं लागेल. याचं टोकाचं उदाहरण निक्लास फ्रांक. वडील हान्स फ्रांक नाझींच्या ताब्यातल्या पोलंडचे गव्हर्नर जनरल, १९४६ मध्ये न्युरेंबर्गला फाशी गेलेले. मुलगा शाळांमधून वडिलांच्या गुन्ह्यांबद्दल बोलत आला. तुमच्यावर ती वेळ नाही, पण चौदा वर्षांची मुलगी उभी राहून एखादा बोचरा प्रश्न विचारील, त्याचं उत्तर आधी घरात एकमेकांना देऊन बघा.

राहिला पैसा आणि भावंडं. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढलेल्या मार्टिन ल्यूथर किंग यांच्या पत्नी कोरेटा यांनी १९६८ मध्ये त्यांच्या नावाचं केंद्र काढलं. तरी किंग यांच्या १९६३ च्या ‘आय हॅव अ ड्रीम’ या प्रसिद्ध भाषणाच्या हक्कांवरून वारस एका टीव्ही कंपनीविरुद्ध कोर्टात गेले, आणि २०१४ मध्ये नोबेल पदक व बायबल विकावं की नाही यावरून भावंडंच कोर्टात एकमेकांसमोर उभी राहिली. म्हणून कागद कोणत्या ग्रंथालयाला द्यायचे, शाळांना ते फुकट वापरता येतील का, संस्थेत घरचे किती आणि बाहेरचे किती, पक्षाकडून देणगी घ्यायची का, हे सगळं आत्ताच लिहून सगळ्यांच्या सह्या घ्या. माझा सल्ला: बाहेरचे जास्त ठेवा, पक्षाची देणगी नको.