आधी त्या सत्तरीतल्या कोचबद्दल बोलू

प्रश्न: आम्ही मूळचे कोल्हापूरचे. बारा वर्षांपासून फ्रान्समध्ये, ल्योंजवळच्या एका लहान गावात राहतो. मुलगा 19 वर्षांचा आहे, कॉम्प्युटरच्या पदवीच्या दुसऱ्या वर्षाला. यंदा दोन विषय राहिले. आठवड्यातल्या दोन संध्याकाळी आणि शनिवारी सकाळी तो गावच्या क्लबात दहा वर्षांच्या पोरांना फुटबॉल शिकवतो, तेही फुकट. शनिवारी बॉलची पिशवी घेऊन बसने जातो, आमची गाडी दारात उभी असते. तिथले सत्तरीतले कोच चाळीस वर्षं हेच करत आलेत. आम्ही इथे आलो तेव्हा त्यांनीच मुलाला क्लबात घेतलं होतं. आता ते थांबताहेत आणि टीम याच्या हाती देताहेत. मुलगा म्हणतो, ओसेर क्लबचे नामांकित फ्रेंच कोच गी रू बावीसाव्या वर्षी कोच झाले होते. मी त्याला म्हणालो, त्या म्हाताऱ्याकडे बघ, आयुष्य मैदानात घालवून काय मिळवलं? जूनपासून क्लब बंद करायला सांगितलं आहे. यात करिअर आहे का? पगार किती?

उत्तर: पगाराचं आणि विषयांचं सांगतेच, पण त्याआधी तुमच्या त्या वाक्याबद्दल बोलायचं आहे. "त्या म्हाताऱ्याकडे बघ, काय मिळवलं?" हे तुम्ही मुलाच्या तोंडावर बोललात.

बारा वर्षांपूर्वी तुमचा मुलगा सात वर्षांचा होता. फ्रेंचचं एक अक्षर येत नव्हतं. वर्गात तो गप्प बसत असणार. मैदानावर मात्र कुणीतरी त्याच्या पायात बॉल दिला, अंगावर रंगीत बिब चढवलं आणि त्याला पोरांच्यात उभं केलं. परक्या देशात त्याला आपलं म्हणणारा घराबाहेरचा पहिला मोठा माणूस बहुधा हाच. त्याची किंमत तुम्ही एका वाक्यात शून्य केलीत आणि वर मुलाने तुमचा सल्ला ऐकावा अशी अपेक्षा आहे. मला हे लागलं. मुलाला किती लागलं असेल, याचा विचार करा.

हा माणूस चाळीस वर्षं काय करत आला असेल, तेही बघा. शनिवारी सगळ्यांच्या आधी येऊन ड्रेसिंग रूम उघडायची, बॉलमध्ये हवा भरायची, कोन मांडायचे. कुणाचे बूट घरी राहिलेत, कोण रडतंय, कुणाचे आईवडील आलेच नाहीत, यावर नजर ठेवायची. सामना संपला की पोरांना खाऊ द्यायचा आणि ओल्या जर्सींची पिशवी धुवायला घरी न्यायची. फ्रान्समधले असे क्लब 1901 च्या कायद्याखालच्या ना-नफा संस्था असतात आणि मुख्यतः बिनपैशाने राबणाऱ्या माणसांवर चालतात. दिवसा कुणी पोस्टात, कुणी गॅरेजमध्ये, कुणी शाळेत, आणि संध्याकाळी मैदानात. दहा वर्षांच्या पोरांच्या सामन्यांना तिथे गुणतक्ता नसतो. कोण पहिला, कोण शेवटचा, हे मुद्दामच मांडत नाहीत. तुमचा मुलगा असल्या जागेत रमतो, तेव्हा तो घरी कशाला कंटाळला असेल, हे मी तुम्हाला विचारते.

आता गी रू. इथे तुम्हा दोघांचाही समज चुकलेला आहे. मुलाला दिसतात ते बावीसाव्या वर्षी कोच झालेले रू, आणि तुम्हाला वाटतं की जमलं तर असं, नाहीतर वाया. 1961 साली रू यांनी हातात घेतलेला ओसेर हा फ्रान्सच्या बर्गंडी भागातल्या प्रादेशिक लीगमध्ये खेळणारा हौशी क्लब होता. गाव लहान. एका पाद्र्याने, आबे देशां यांनी, 1905 साली तो काढला. मधे लष्करी सेवेसाठी रू यांना क्लब सोडावा लागला, 1964 ला ते परतले. तिसऱ्या श्रेणीत यायला 1970 उजाडलं, दुसऱ्या श्रेणीत 1974. 1979 ला दुसऱ्या श्रेणीतल्या या क्लबाने फ्रेंच कपची फायनल गाठली आणि नांतकडून हरला. पहिली श्रेणी 1980 ला मिळाली. म्हणजे सुरुवात केल्यापासून एकोणीस वर्षं! पुढे फ्रान्सकडून खेळलेले एरिक काँतोना, बाझिल बोली ही पोरं त्यांच्याकडे घडली ती त्यानंतर. 1996 ला लीग आणि कप एकाच हंगामात जिंकले, तेव्हा रू 57 वर्षांचे होते. समजा 1969 साली त्यांच्या घरच्या कुणी विचारलं असतं, "आठ वर्षं झाली, काय मिळवलंस?", तर दाखवायला त्यांच्याकडे तुमच्या गावातल्या कोचपेक्षा फारसं जास्त काही नव्हतं. मुलालाही हे वाचून दाखवा. त्याच्या डोक्यात 1996 असेल तर त्याने आधी 1961 ते 1970 ही वर्षं नीट बघावीत. आणि फ्रान्सभरच्या हौशी कोचांपैकी बहुतेकांच्या वाट्याला 1980 कधी येतच नाही, हेही त्याला माहीत असू दे.

पगाराचं स्पष्ट सांगते. गावच्या क्लबात घर चालवण्याइतका पैसा नाही. बहुतेक ठिकाणी अजिबातच नाही. पैसे घेऊन शिकवायचं तर फ्रान्समध्ये कायद्याने मान्य डिप्लोमा लागतो. फुटबॉल महासंघाचे बीएमएफ, बीईएफ असे कोचिंग डिप्लोमाचे टप्पे आहेत आणि विद्यापीठातून जायचं तर स्ताप्स ही क्रीडाशास्त्राची पदवी. पण तुमच्या पत्रात मुलाने शिक्षण सोडतो म्हटल्याचं कुठे दिसत नाही. तो एका टीमची जबाबदारी मागतोय आणि तुम्ही मला करिअर विचारताय. हे दोन वेगळे प्रश्न आहेत.

दोन विषय राहिले ते त्याने काढायलाच हवेत, यात सूट नाही. पण आठवड्यातल्या दोन संध्याकाळी आणि एका सकाळीमुळे ते राहिले, हे तुम्ही कशावरून ठरवलंत? एकदा शांतपणे त्याला विचारा, नेमकं कुठे अडतंय. त्याचं उत्तर संपेपर्यंत मधे बोलू नका. कदाचित त्याला कॉम्प्युटरच नको असेल. तसं असेल तर क्लब बंद करून काहीच सुटणार नाही, उलट आठवड्यातले त्याचे बरे तीन प्रसंगही जातील. तेव्हा जूनचं फर्मान आजच मागे घ्या.

तुम्ही कोल्हापूरचे. शाहू स्टेडियमवर खंडोबा आणि पाटाकडील या तालमींच्या फुटबॉल संघांचा सामना असला की पेठा कशा रिकाम्या होतात, हे मी तुम्हाला सांगायला नको. तिथेही पोरांना तयार करणारी माणसं तालमीतलीच असतात, आपापले कामधंदे सांभाळून येणारी. त्यांना कुणी "काय मिळवलं" विचारलेलं तुम्हाला चाललं असतं का?

लिहिण्याच्या ओघात तुम्ही म्हटलंय की शनिवारी मुलगा बॉलची पिशवी घेऊन बसने जातो आणि तुमची गाडी दारात उभी असते. बाहेरगावच्या सामन्यांना पोरांना पालकांच्या गाड्यांतूनच न्यावं लागतं, गाड्या नेहमी कमी पडतात. येत्या शनिवारी तुम्ही गाडी काढा. पिशवी डिकीत टाका, मागच्या सीटवर तीन पोरं बसवा. आणि मैदानावर ते म्हातारे कोच भेटले की आधी त्यांचे आभार माना. बारा वर्षं मानायचे राहिलेत ते.