१९५०च्या दशकात फिल्म एडिटर कसं होता यायचं? त्यात करिअर होतं का?

एखाद्या संकलकाच्या हाताखाली राहायचं, दुसरी वाट नव्हती. पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट निघाली १९६०ला.

माझे काका १९५४ साली निपाणीहून कोल्हापूरला एका स्टुडिओत लागले. तेव्हा निपाणी मुंबई राज्यात होती, दोन वर्षांनी म्हैसूर राज्यात गेली. सुरुवातीला काम एकच, तुकडे जोडणं. ब्लेडनं फिल्मच्या टोकावरचा थर खरवडायचा, सिमेंट म्हणजे फिल्म चिकटवायचा द्रव लावायचा, दाबून धरायचं. कमी खरवडलं तर जोड धरत नाही, जास्त खरवडलं तर तिथंच तुटते.

आमचं कापडाचं दुकान. आजोबा नाकापासून बोटापर्यंत कापड ताणून वार मोजायचे. काका फिल्म तशीच मोजत. एक वार म्हणजे ३ फूट, फुटाला १६ फ्रेम. ४८ फ्रेम, म्हणजे पडद्यावर २ सेकंद. यावरून माझ्या वडिलांनी त्यांना जन्मभर ऐकवलं, "कापायचंच होतं तर दुकान काय वाईट होतं?"

त्यांचा एक चित्रपट निपाणीत लागला, आम्ही सगळे गेलो. मुलगा घर सोडून जातो, आई दारात. ती आत वळल्यावर रिकामं दार वारभर जास्त ठेवायचं काकांनी सुचवलं होतं, मुख्य संकलकांनी ते ठेवलं. बाबा धोतराच्या सोग्यानं डोळे पुसत होते. बाहेर आल्यावर म्हणाले, "काय रडवलं बाईनं!" मी तेव्हा लहान होतो, बोललो नाही. बऱ्याच वर्षांनी बोललो : बाबा, तुम्ही रडलात तेव्हा पडद्यावर बाई नव्हतीच. नुसतं दार होतं.

म्हणून सांगतो, संकलन म्हणजे कापाकापी म्हणणाऱ्याला चित्रपट कळत नाही. हृषीकेश मुखर्जी बिमल रॉय यांचे संकलक होते, 'दो बिघा जमीन' (१९५३) त्यांनीच संकलित केला. १९५७ला 'मुसाफिर'पासून दिग्दर्शक झाले, तरी पुढच्याच वर्षी 'मधुमती'चं संकलन केलं. घरच्यांना विचारत बसू नका, ज्याला हे काम करायचंय त्यानं करावं.

अर्थात सगळेच हृषीदा होत नसत. पगार वेळेवर नसायचा, आणि सहायकाचं नाव नामावलीत येईलच असं नव्हतं. त्या चित्रपटात काकांचं नाव नव्हतं. बाबांनी ते शोधलं होतं, हे मला आईकडून कळलं.