तिघा मित्रांनी मिळून यंत्रांशी लढायचं असेल तर 'जनरेशन झीरो' घ्यावा का?

तुम्ही लिहिलंय की तुम्ही तिघं मित्र तीन गावांत आहात आणि शनिवारी रात्री दोन-तीन तास मोकळे असता. मोठ्या मोकळ्या नकाशावर हिंडत यंत्रांशी लढायचंय, एकमेकांशी नाही. 'जनरेशन झीरो' हा व्हिडिओ गेम रटाळ आहे असं कुणीतरी सांगितलं म्हणून अडलायत.

घ्या. फक्त सेल लागल्यावर घ्या, आणि दणादण गोळ्या झाडायचा गेम समजून घेऊ नका.

स्टॉकहोमच्या अवालांच स्टुडिओजने तो मार्च 2019 मध्ये आणला. कथा 1989 च्या स्वीडनमध्ये घडते. प्रदेश काल्पनिक आहे, नाव ओस्टरटॉर्न. तुम्ही समुद्रसफरीवरून परतणारी तरुण पोरं. किनाऱ्याला लागता तर माणसाचा पत्ता नाही. घरं उघडी, आन्सरिंग मशीनवर कुणाचातरी निरोप, आणि बाहेर रस्त्यावर लोखंडी पावलांचा आवाज. जागोजागी जमिनीखालचे बंकर लागतात. मला आधी ती लेखकाची कल्पना वाटली होती. पण खऱ्या स्वीडनमध्ये आजही नागरिकांसाठी सुमारे 65,000 निवारे आहेत, आणि शीतयुद्धात युद्ध झालं तर काय करायचं याची पत्रकं सरकारने घरोघरी वाटली होती. हे कळल्यावर त्या रिकाम्या गावांतून फिरताना जरा वेगळंच वाटतं.

आता खेळण्याबद्दल. 'रनर' हे कुत्र्याएवढं चार पायांचं यंत्र. त्याच्या पाठीवर इंधनाची टाकी असते, ती फोडली की तो स्वतःच उडतो आणि शेजारचेही जायबंदी होतात. 'हंटर' दोन पायांवर उंच उभा, तो दुरूनही मारतो आणि जवळ येऊनही. 'टँक' दिसायच्या आधी ऐकू येतो. या यंत्रांचे भाग सुटे सुटे मोडतात आणि मोडलेले तसेच राहतात. आम्ही एका टँकच्या खांद्यावरचं रॉकेटचं खोकं उडवलं, गोळ्या संपल्या म्हणून शेपूट घालून पळालो. तासाभराने शोधत गेलो तर तोच पठ्ठ्या, खोक्याशिवाय हिंडत होता. शत्रूची आणि आपली अशी ओळख होणं मला इतर गेममध्ये फारसं सापडलं नाही.

मी नाशिकला, मावसभाऊ पुण्यात, एक मित्र सोलापुरात. पहिल्या रात्री मावसभावाला एकटा रनर दिसला, याने लगेच ट्रिगर ओढला. आवाजाने आणखी तीन आले, मागून हंटर. दहा मिनिटांत आम्ही एका गोठ्यात दबा धरून, मिळून सात गोळ्या. तेव्हा कळलं की खिशातले फटाके कशाला दिलेत. ते लांब पेटवून फेकायचे, यंत्रं तिकडे धावतात, आपण मागच्या दाराने सटकायचं. तेव्हापासून आमच्यात "दिवाळी कर" म्हणजे पळायची तयारी. एकाने टेकडीवरून दुर्बिणीने बघायचं, एकाने आवाज करायचा, एकाने टाकीवर नेम धरायचा. तिघांची सोय या गेममध्ये इतकी चांगली आहे.

रटाळ म्हणणारे खोटं बोलत नाहीत. एक घर पाहिलं की पुढची वीस घरं तीच, तोच सोफा, तेच कपाट. सोबत जिवंत पात्रं जवळजवळ नाहीत, कथा चिठ्ठ्या आणि टेपमधून गोळा करावी लागते. 2019 मध्ये बगही (गेममधले तांत्रिक दोष) भरपूर होते, समीक्षकांनी धुतला तो उगाच नाही. पुढे अपडेट येत गेले, सायकलीही आल्या, त्यामुळे पायपीट बरीच वाचली. एकट्याने मी चार दिवसांत सोडला असता. तिघांच्या गप्पा चालू असतील तर तीच पायपीट गोड लागते.

बाकीचे पर्याय थोडक्यात. 'हेलडायव्हर्स 2' मध्ये रोबोंशी चौघं मिळून लढता येतं आणि लढाई कितीतरी खणखणीत, पण मोहीम ठरावीक वेळेची, मोकळं जग नाही. 'आर्क रेडर्स'ही स्टॉकहोमचाच. यंत्रं अफलातून, पण तिथे अनोळखी माणूस पाठीत गोळी घालून तुमची लूट नेतो. तुम्हाला तेच नकोय. 'होरायझन झीरो डॉन' एकट्याचा खेळ, म्हणून बाद.

घेण्याआधी तिघांचं मशीन एकच ठेवा, म्हणजे सगळे पीसीवर किंवा सगळे एकाच कन्सोलवर. ज्याचं इंटरनेट भरवशाचं त्यालाच होस्ट करा, म्हणजे ज्याच्या खेळात बाकीचे येऊन सामील होतात तो. आमच्याकडे सोलापूरकर होस्ट होता, आणि भर लढाईत वीज गेली की आम्ही तिघंही बाहेर.

जास्तीत जास्त चौघं खेळू शकतात. आमच्यात एक जागा रिकामीच आहे, पण तुम्ही तिघं आहात म्हटल्यावर जमायचं नाही.