स्थानबद्धतेत जामीन नाही, मग काय आहे?

प्रश्न : मॅडम, मी कराड तालुक्यातली. माझ्या धाकट्या मुलावर मारामारीच्या दोन केसेस आहेत, दोन्हींत जामीन झालेला. गेल्या आठवड्यात पोलीस आले आणि ‘एमपीडीए लागलाय’ म्हणून त्याला येरवड्याला घेऊन गेले. कागदांचा गठ्ठा दिलाय, वर कलेक्टर साहेबांची सही आहे. वकील म्हणाले, यात जामीन होत नाही, वर्ष काढावं लागेल. पोरगं सातवी शिकलेलं. मला वाचता येतं, पण उमगत नाही. खरंच काही करता येत नाही का?

उत्तर : ताई, पत्र छापून यायला वेळ लागतो आणि तुमचा एकेक दिवस मोलाचा आहे. म्हणून काय करायचं ते तुम्हाला पोस्टाने आधीच कळवलं. इथे लिहिते आहे ते अशाच गठ्ठ्यापुढे बसलेल्या इतर घरांसाठी.

वकिलांनी जामिनाचं खरं सांगितलं. जामीन गुन्ह्याच्या आरोपात मिळतो. इथे मात्र पुढे हा माणूस काही करील, या अंदाजावर त्याला आत ठेवलं आहे. यालाच स्थानबद्धता म्हणतात, आणि ‘एमपीडीए’ हा त्यासाठीचा महाराष्ट्राचा कायदा. म्हणून २४ तासांत मॅजिस्ट्रेटपुढे हजर करणं, आपल्या पसंतीचा वकील देणं, हे राज्यघटनेच्या कलम २२ मधले हक्क त्याला नाहीत. त्याच कलमात तसं लिहिलं आहे. पण ते कलम तिथे थांबत नाही. का धरलं ते लवकरात लवकर कळवलं पाहिजे, आणि त्याविरुद्ध म्हणणं मांडायची संधी लगेच दिली पाहिजे, असंही तेच सांगतं. सल्लागार मंडळाने, म्हणजे उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशपदाला पात्र असलेल्या व्यक्तींच्या मंडळाने, पुरेसं कारण आहे असं म्हटल्याशिवाय तीन महिन्यांपुढे कोणाला ठेवता येत नाही.

१९८१च्या एमपीडीए कायद्यात मुदती आहेत. स्थानबद्ध केल्यापासून ५ दिवसांत कारणं हातात पडली पाहिजेत. कलेक्टरांच्या आदेशाला १२ दिवसांत शासनाची मंजुरी लागते, नाहीतर तो संपतो. प्रकरण ३ आठवड्यांत सल्लागार मंडळापुढे जातं आणि ७ आठवड्यांत मंडळाचा अहवाल येतो. ‘पुरेसं कारण नाही’ असं मंडळाने म्हटलं, तर शासनाला सोडावंच लागतं. वर्ष ही कमाल मर्यादा आहे, ठरलेली शिक्षा नव्हे.

आता अभिवेदन, म्हणजे त्याचं लेखी म्हणणं. माझा सगळा जोर यावर आहे, कारण घरचे लोक जामिनामागे पळतात आणि हे राहून जातं. तीन प्रती करा : कलेक्टरांना, मंत्रालयातल्या गृह विभागाला आणि सल्लागार मंडळाला. त्याच्या सहीने, तुरुंग अधीक्षकांमार्फत पाठवा आणि पोच घ्या. शासनाची मंजुरी येईपर्यंत खुद्द कलेक्टरांकडेही दाद मागता येते आणि हे त्यांनीच त्याला सांगायला हवं, असा सर्वोच्च न्यायालयाचा २००० सालचा निकाल याच कायद्याखालचा आहे. ते सांगितलं नाही म्हणून तेव्हा स्थानबद्धता रद्द झाली. अभिवेदन कारण नसताना पडून राहिलं, तर तेवढ्यावरही माणसं सुटली आहेत.

गठ्ठा वाचताना काय बघायचं? जामिनाचे दोन्ही आदेश त्यात आहेत का? नसतील, तर सही करणाऱ्यांपुढे ते आले होते का, असा प्रश्न उभा राहतो. शेवटची घटना आणि आदेश यांत बरेच महिने गेलेत का? मग ‘अ’ आणि ‘ब’ साक्षीदारांचे गोपनीय जबाब शोधा. नावं झाकायची मुभा आहे, पण जबाबात दिवस, जागा, प्रसंग काहीच नसेल, तर तुमच्या मुलाने उत्तर तरी कशाला द्यायचं? हे असंच अभिवेदनात लिहा. भांडण दोन माणसांतलं होतं, की त्याने सगळा बाजार बंद पडला? राम मनोहर लोहियांच्या खटल्यात १९६५ साली सर्वोच्च न्यायालयाने हा फरक घालून दिला : कायदा मोडला म्हणजे दरवेळी सार्वजनिक सुव्यवस्था बिघडली असं होत नाही, आणि स्थानबद्धतेला ती बिघडणं लागतं.

इंग्रजी पानांचं मराठी मागा, पुसट प्रतींच्या जागी स्वच्छ प्रती मागा. १९६२ साली नागपूरच्या एका स्थानबद्धाला हिंदीत कारणं नाकारली, म्हणून सर्वोच्च न्यायालयाने त्याला सोडलं होतं.

मंडळापुढे वकील चालत नाही, पण वकील नसलेला जाणता माणूस मदतीला मागता येतो. कोठडीतल्या माणसाला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही; साताऱ्याच्या कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज द्या. उच्च न्यायालयात याचिका करायला आता मुंबई गाठावी लागत नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच सुरू झालं आहे आणि सातारा, सांगली त्यातच येतात.

दहशत माजवणारे आत गेले की गावाला मोकळा श्वास घेता येतो, ते मी जाणते. पण खटला न चालवता वर्षभर माणूस आत ठेवणं ही फार मोठी सत्ता आहे. १९७८च्या ४४व्या घटनादुरुस्तीत, मंडळाच्या मताशिवाय ठेवता येतं त्या तीन महिन्यांचे दोन महिने केले होते. ते कलम आजवर अंमलात आणलेलं नाही, आणि याचा मला मनापासून राग येतो.

प्रश्न : तडीपारी आणि स्थानबद्धता एकच का? (एक वाचक, मिरज)

उत्तर : नाही. तडीपारीत तुरुंग नसतो, हद्दीबाहेर राहावं लागतं, जास्तीत जास्त दोन वर्षं. महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१ खाली आधी नोटीस येते आणि तिथे वकील देता येतो. म्हणून नोटीस आली की घरी ठेवून देऊ नका. आदेश झालाच, तर ३० दिवसांत शासनाकडे अपील करा.