टायसनची घसरण टोकियोतील पराभवापासून सुरू झाली का?

1990 मध्ये टोकियोत बस्टर डग्लसकडून झालेला पराभव केवळ गाफीलपणामुळे झाला का आणि अमेरिकन बॉक्सर माईक टायसनची कारकीर्द तेथूनच घसरली का, असे आपण विचारले आहे. मी अकोला जिल्ह्यातील बार्शीटाकळी तालुक्यात शाळकरी मुलांना बॉक्सिंग शिकवतो. गाफीलपणा होताच, पण माझ्या मते घसरण त्याआधी सुमारे सव्वा वर्ष, म्हणजे प्रशिक्षक केव्हिन रूनी यांना दूर केले गेले तेव्हाच सुरू झाली होती.

टायसनला घडवले ते त्याचे पहिले गुरू, प्रशिक्षक कस डी'अमाटो यांनी. सुधारगृहातून आलेल्या या मुलाला त्यांनी कॅट्सकिल गावी आपल्या घरी ठेवून घेतले, पुढे त्याचे पालकत्व पत्करले आणि दोन्ही मुठी गालांशी धरून डोके सतत हलते ठेवण्याची पद्धत त्याच्या अंगवळणी पाडली. ही पद्धत दिसते तितकी सोपी नाही. आमच्याकडे दोन कडुनिंबांच्या मध्ये खांद्याच्या उंचीवर दोरी बांधून मुलांना तिच्याखालून एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे असे गुडघ्यांत वाकत पुढे सरकायला लावतो, तेव्हा शेतात राबणारा धडधाकट मुलगाही थोड्याच वेळात गुडघे वाकवायचे सोडून नुसती मान खाली घालू लागतो आणि त्याची नजर समोरच्यावरून सुटून जमिनीकडे जाते. त्याला वेळीच टोकणारा माणूस शेजारी लागतो. 1985 मध्ये डी'अमाटो वारल्यावर ते काम त्यांचे शिष्य रूनी यांनी केले. 22 नोव्हेंबर 1986 रोजी ट्रेव्हर बर्बिकला दुसऱ्याच फेरीत हरवून टायसन विसाव्या वर्षी हेवीवेटचा, म्हणजे सर्वांत जड वजनगटाचा, सर्वांत तरुण विश्वविजेता झाला आणि जून 1988 मध्ये मायकेल स्पिंक्स त्याच्यापुढे अवघे 91 सेकंद टिकला.

त्याच वर्षाच्या अखेरीस रूनी गेले आणि टोकणारे कोणी उरले नाही. 11 फेब्रुवारी 1990 रोजी टोकियोत टायसन एकाच जबर ठोशाच्या शोधात सरळ पुढे जात राहिला आणि डग्लसचा लांब जॅब, म्हणजे पुढच्या हाताचा सरळ ठोसा, त्याच्या तोंडावर बसत राहिला. डग्लसची आई काही आठवड्यांपूर्वीच वारली होती. आठव्या फेरीत खाली पडूनही तो उठला आणि दहाव्या फेरीत त्याने टायसनला नॉकआउट केले. टायसनचा डावा डोळा सुजत असताना ती सूज दाबण्याचे थंड लोखंड रिंगच्या कोपऱ्यातील त्याच्या मदतनिसांकडे नव्हते, म्हणून रबरी हातमोज्यात बर्फाचे पाणी भरून ते डोळ्यावर धरले गेले. विश्वविजेत्याच्या माणसांनी एवढी साधी तयारीही करू नये, याचा मला आजही संताप येतो.

पुढचे सारे मात्र प्रशिक्षकाच्या माथी मारता येणार नाही. 1992 मध्ये अठरा वर्षांच्या तरुणीवरील बलात्काराबद्दल तो दोषी ठरला आणि जवळजवळ तीन वर्षे तुरुंगात राहिला. त्याच्या हलाखीच्या बालपणाचा दाखला देऊन या गुन्ह्यावर पांघरूण घालणे मला मान्य नाही. 1996 मध्ये त्याने पुन्हा विश्वविजेतेपदाचे दोन पट्टे जिंकले, पण त्याच वर्षी तो बॉक्सर इव्हँडर होलीफिल्डकडून हरला, 1997 च्या फेरलढतीत त्याच्या कानाचा चावा घेऊन बाद झाला आणि लढण्याचा परवानाही गमावून बसला. 2003 मध्ये त्याने दिवाळखोरी जाहीर केली आणि 2005 मध्ये निवृत्ती पत्करली.

माझे म्हणणे पडताळायचे असल्यास बर्बिकची लढत आणि टोकियोतील पहिल्या पाच फेऱ्या लागोपाठ पाहाव्यात. ठोशांकडे लक्ष देऊ नये. समोरून जॅब आल्यावर टायसनचे डोके कोठे जाते, एवढेच पाहावे.