पैसे मागितले होते की गाडी?

सावद्याच्या एका केळी वाहतूकदाराचे पत्र आहे. फेब्रुवारीत त्यांनी पिकअप साडेचार लाखांना विकली. दीड लाख रोख मिळाले, तीन लाखांचा चेक मार्चच्या सुरुवातीला 'खाते बंद' शेऱ्यासह परत आला. जूनमध्ये गाडी धुळ्याच्या तिसऱ्याच माणसाच्या नावावर चढली. पोलीस म्हणतात, हा दिवाणी मामला. गाडी परत मिळेल का, असा त्यांचा प्रश्न आहे. अमळनेरच्या ट्रॅक्टरवाल्याने आणि शहाद्याच्या बुलेटवाल्यानेही थोड्याफार फरकाने हेच विचारले होते.

भाऊ, तुम्ही फसवले गेलात यात वाद नाही. पण गाडीचा निकाल फसवणुकीवर लागणार नाही, तारखेवर लागेल. मालविक्री कायदा, १९३० चे कलम २९ वाचा. फसवून घेतलेली वस्तू घेणाऱ्याने पुढे विकली आणि त्या वेळेपर्यंत मूळ मालकाने व्यवहार मोडलेला नसला, तर प्रामाणिकपणे विकत घेणाऱ्या तिसऱ्या माणसाची मालकी पक्की होते. म्हणजे मार्च ते जून हे तीन महिने तुमच्या हातात होते. त्या काळात तुम्ही काय केलेत? पत्रात लिहिले आहे, 'तो उद्या देतो, परवा देतो म्हणत राहिला.' आणि तुम्ही ऐकत राहिलात.

आता फोन उघडा आणि त्या तीन महिन्यांतले व्हॉट्सअ‍ॅप संदेश वाचून काढा. 'माझे पैसे दे' एवढेच लिहिले असेल, तर तुम्ही सौदा कायम ठेवून उधारी मागत होतात, असा अर्थ समोरचा वकील काढेल. 'सौदा मोडला, गाडी आणून दे' असे एकदा जरी लिहिले असेल आणि ते गाडी पुढे विकण्याच्या आधीचे असेल, तर तुमची बाजू उभी राहते. पोलिसांकडे तेव्हा लेखी अर्ज दिला असेल तर त्याची पोचही शोधा. फोन विकू नका, चॅट पुसू नका. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चे, म्हणजे इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठीचे, प्रमाणपत्र जोडूनच ते कोर्टात द्यावे लागतील.

दुसरी गोष्ट तुम्ही पत्रात टाळली आहे. गाडी दुसऱ्याच्या नावावर करण्यासाठी आरटीओत द्यायच्या फॉर्म २९ आणि ३० वर सही तुमचीच आहे का? कोऱ्या फॉर्मवर सह्या करून दलालाच्या हाती दिल्या असतील, तर त्यावर थेट धुळेवाल्याचे नाव भरले गेले असणार आणि तो म्हणेल, मूळ मालकाची सही बघूनच घेतली. सही बनावट असेल तर चित्र पालटते. मग कलम २९ चा आधार डळमळतो आणि खोट्या कागदांवर झालेली नोंदणी रद्द करण्यासाठी मोटार वाहन कायद्याच्या कलम ५५(५) खाली अर्ज करता येतो. म्हणून आधी आरटीओकडून त्या फाइलच्या प्रमाणित प्रती मागवा. आंधळेपणाने दावा लावू नका.

धुळेवाला खरोखर प्रामाणिक होता का, हे मी इथून सांगू शकत नाही. त्याने बाजारभाव दिला का, दलालाशी त्याचे नाते काय, यावर बरेच अवलंबून राहील.

चेकचे म्हणाल तर न वटलेल्या चेकसाठी फौजदारी तक्रारीचे कलम १३८ हातचे गेले. चेक परत आल्याचे कळल्यापासून ३० दिवसांत नोटीस द्यायची असते. तक्रार दाखल करायला झालेला उशीर कोर्ट माफ करू शकते, नोटिशीचा नाही. एक रजिस्टर पत्र पुरले असते, याचा मला राग येतो. तीन लाखांसाठी दिवाणी दाव्याची मुदत मात्र तीन वर्षे आहे.

'दिवाणी मामला' हे उत्तर घेऊन गप्प बसू नका. खाते चेक देण्याआधीच बंद होते असे बँकेच्या नोंदीतून निघाले, तर सुरुवातीपासूनच्या लबाडीचा तो भक्कम पुरावा ठरेल. ठाण्यात नोंद घेत नसतील तर अर्ज पोस्टाने पोलीस अधीक्षकांना पाठवा. तिथेही हालचाल झाली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जाता येते.

दाव्याचा निकाल लागायला आपल्याकडे वर्षे जातात, तोवर पिकअपचे भंगार होते. म्हणून दाव्यासोबतच गाडी पुढे विकू नये असा तात्पुरता मनाई हुकूम मागा आणि मिळाल्यास त्याची प्रत त्याच दिवशी आरटीओत द्या. कागद आणि फोन घेऊन याच आठवड्यात स्थानिक वकिलाकडे जा. धुळ्याहून गाडी चौथ्या माणसाकडे गेली तर दावा आणखी किचकट होईल.