वाचकांचे प्रश्न : पार्श्वसंगीतासाठी आधी मुंबई गाठावी का?

प्रश्न : दादा, मी लग्नसराईत बँडबरोबर कीबोर्ड वाजवतो आणि घरी लॅपटॉपवर अहिराणी गाणी करतो. दोन गाणी सोबत पाठवलीत. मला सिनेमाचं पार्श्वसंगीत करायचंय. घरचे म्हणतात, आधी बी.कॉम. पूर्ण कर. काय करू?
– एक वाचक, पारोळा

उत्तर : भाऊ, बी.कॉम. पूर्ण कर. मी धुळ्याचा, कित्येक वर्षं अंधेरीत हेच काम करतोय. इथे खोलीचं भाडं भरता भरता शिकायचं राहून गेलेली पोरं रोज बघतो. पहिले धडे पारोळ्यातच गिरव.

तुझी गाणी ऐकली. ठेका झकास आहे, पण एकही जागा मोकळी नाही. सिनेमात प्रसंग आधी, आपण नंतर. पात्रं बोलत असताना त्यांच्याच पट्टीत बासरी घुसवली की संवाद बुडतो.

धुळे-जळगावात शॉर्टफिल्म करणारी कॉलेजची पोरं आहेत, त्यांच्याकडून एक प्रसंग मागून घे. समज, म्हातारी वाट बघत बसलीय आणि दार १८व्या सेकंदाला उघडतं. टेम्पो ८० धर, म्हणजे मिनिटाला ८० मात्रा, एक मात्रा पाऊण सेकंदाची. १८ सेकंदांत २४ मात्रा, आठ मात्रांच्या केरव्याची तीन आवर्तनं. चौथ्याची सम, म्हणजे पहिली मात्रा, थेट दारावर. मग दिग्दर्शक प्रसंगातला एक सेकंद कापतो. तेवढ्याच मात्रा १७ सेकंदांत बसवायच्या तर टेम्पो ८४.७ येतो. हिशेब असा चोख हवा, पण प्रेक्षकाला ठेका जाणवताही कामा नये. वरात मारुतीपाशी आली की मास्तरच्या नजरेवर तू चाल बदलतोसच ना? ती नजर आता पडद्यावर ठेव.

मग नाटकवाले गाठ. राज्य नाट्य स्पर्धेचं, एकांकिकेचं संगीत कर. भास्कर चंदावरकरांनी ‘घाशीराम कोतवाल’ हे नाटकही केलं आणि ‘सामना’ हा सिनेमाही. वनराज भाटिया तर जाहिरातींच्या जिंगल्स करत ‘अंकुर’पर्यंत (१९७४) पोचले, पुढे ‘तमस’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दोघांचंही काम पार्श्वसंगीताकडे कान ठेवून ऐक.

सातपुड्यातली पावरी, म्हणजे आदिवासींचं फुंकून वाजवायचं वाद्य, आणि कानबाई देवीची गाणी आत्ताच रेकॉर्ड करून ठेव. विकतच्या सॅम्पलमध्ये, म्हणजे तयार रेकॉर्ड केलेल्या आवाजांत, पावरीची ती फुंक सापडत नाही. वाजवणाऱ्याला पैसे दे आणि त्याचं नावही लाव, हे मी कळकळीने सांगतोय.

पैशांचं थोडक्यात. काम लहान असलं तरी करार लेखी कर. २०१२च्या दुरुस्तीनंतर कॉपीराइट कायदा सांगतो की थिएटरबाहेरच्या वापरातला, म्हणजे टीव्ही-ओटीटीवरचा रॉयल्टीचा हक्क संगीतकाराला सोडून देता येत नाही. ‘सगळे हक्क दिले’ अशा कागदावर सही मागतील, तेव्हा हे लक्षात ठेव. संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या आयपीआरएस या संस्थेचं सभासदत्व घे आणि प्रत्येक तुकडा कुठे सुरू होतो, किती सेकंद चालतो, याची क्यू शीट स्वतः लिहून निर्मात्याकडे दे.